‘नावात काय आहे?’ हा सुविचार होतो का?

धरमपेठेतल्या एका ताईंनी विचारलं आहे. त्यांच्या सातवीतल्या मुलीची फळ्यावर सुविचार लिहायची पाळी होती. तिने लिहिलं, ‘नावात काय आहे? – शेक्सपिअर’. बाईंनी पुसायला लावलं. म्हणाल्या, हा सुविचार नाही, दुसरा लिही. मुलगी घरी येऊन विचारू लागली, मग हे आहे तरी काय? आजोबा म्हणाले सुभाषित. हिंदी पेपर वाचणारे बाबा म्हणाले उद्धरण. दादा म्हणाला, अगं कोट आहे तो. ताईंचा प्रश्न असा, की यातलं बरोबर कोण?

ताई, बाईंचं म्हणणं बरोबर आहे. पुसायला मात्र नको होतं.

सुविचार म्हणजे चांगला विचार. तो कोणी मांडला, कुठे मांडला, याच्याशी त्या शब्दाला देणंघेणं नाही. फळ्यावरचं वाक्य वाचून पोरांनी काहीतरी घ्यावं, एवढीच त्याची नोकरी. ‘नावात काय आहे?’ हा तर साधा प्रश्न आहे, त्यातून घ्यायचं काय?

आजोबांचं ‘सुभाषित’ही इथे बसत नाही. सु-भाषित, म्हणजे छान बोललेलं, असा सरळ अर्थ घेतला तर कशालाही लावता येईल. पण आपल्याकडे त्या शब्दामागे एक जुनी परंपरा उभी आहे. ‘पृथिव्यां त्रीणि रत्नानि जलमन्नं सुभाषितम्’ हा श्लोक बहुतेकांनी शाळेत पाठ केलेला असतो. पाणी, अन्न आणि सुभाषित ही पृथ्वीवरची तीन रत्नं. इथे सुभाषित म्हणजे बहुधा एक सुटा श्लोक, मागेपुढे काही नसलं तरी पूर्ण वाटणारा. संस्कृतात अशा सुट्या रचनेला मुक्तक म्हणतात. गझलेचा शेरही त्याच जातीचा. सुरेश भटांचं ‘इतकेच मला जाताना सरणावर कळले होते, मरणाने केली सुटका जगण्याने छळले होते’ घ्या. गझलेतले बाकीचे शेर ठाऊक नसले तरी या दोन ओळींचं काही अडत नाही. आपल्या विदर्भात गावोगावच्या भिंतींवर तुकडोजी महाराजांच्या ग्रामगीतेतल्या ओव्या रंगवलेल्या दिसतात. ओवीही तशीच. एसटीच्या खिडकीतून जाता जाता वाचली तरी अर्थ सांडत नाही.

खरी गंमत आहे ती सुटी नसताना सुटी केलेल्या ओळींची. माझ्या मते गाजलेल्या वाक्यांच्या दीर्घायुष्याचं गुपित तिथेच आहे.

‘प्रयत्ने वाळूचे कण रगडिता तेलही गळे’ घ्या. ही सतराव्या शतकातल्या वामनपंडितांची ओळ. भर्तृहरीच्या नीतिशतकातल्या श्लोकाचा त्यांनी केलेला मराठी अनुवाद. दहावीच्या निरोप समारंभात ही ओळ ऐकली नाही असा माणूस सापडणं कठीण. अर्थ काय सांगतात? प्रयत्न करा, अशक्य काही नाही. आता मूळ श्लोकाचा शेवट बघा: ‘न तु प्रतिनिविष्टमूर्खजनचित्तमाराधयेत्’. वाळूतून तेल निघेल, मृगजळानं तहान भागेल, रानात हिंडता हिंडता सशाचं शिंगही सापडेल, पण हट्टी मूर्खाचं मन वळवता येणार नाही! म्हणजे श्लोक प्रयत्नवादाचा नाहीच. तो मूर्खापुढे हात टेकणाऱ्याचा आहे. ‘तेलही’मधला तो ‘ही’ जरा कान देऊन ऐका. तो पुढच्या ‘परंतु’ची वाट पाहत थांबला आहे आणि आपण त्याला तो ‘परंतु’ कधी भेटूच दिला नाही. तरी ओळ टिकली, कारण ती शिखरिणी वृत्तात आहे. सतरा अक्षरं, सहाव्या अक्षरावर थांबा: प्रयत्ने वाळूचे, कण रगडिता तेलही गळे. जिभेवर अशी बसते की उरलेल्या तीन चरणांची आठवणच होत नाही.

याहून बारीक बदल तुकोबांच्या ओळीत झाला आहे. पाट्यांवर आणि भाषणांत काय असतं? ‘बोले तैसा चाले, त्याची वंदावी पाऊले’. गाथेत आहे ‘त्याची वंदीन पाउले’. पुढेही तीच क्रियापदं: ‘अंगे झाडीन अंगण, त्याचे दासत्व करीन’. वंदीन, झाडीन, करीन ही सगळी प्रथमपुरुषी रूपं. मी वंदीन, मी त्याच्या अंगणात झाडू मारीन, असं तुकोबा स्वतःबद्दल बोलत आहेत. लोकांनी ‘वंदीन’चं ‘वंदावी’ केलं आणि एका माणसाचा संकल्प सगळ्यांसाठीचा उपदेश झाला. व्याकरणाच्या भाषेत, भविष्यकाळाचा विध्यर्थ झाला. ही चूक म्हणून सोडून देण्यासारखी नाही. कुणाच्या तरी तोंडचं वाक्य फळ्यावर पोचायचं असेल तर त्यातला ‘मी’ गळावा लागतो, एवढंच यातून दिसतं. मला विचाराल तर ‘वंदीन’च जास्त भिडतं. दुसऱ्याला ‘वंदा’ म्हणणं सोपं, हातात झाडू घेणं कठीण.

आता तुमच्या मुलीच्या वाक्याकडे. ‘नावात काय आहे?’ असं शेक्सपिअर म्हणाला हे खरं, पण अर्धंच. त्याच्या नाटकात ते ज्युलिएट म्हणते, दुसऱ्या अंकात, रात्रीच्या वेळी. रोमिओ वैऱ्याच्या घराण्यातला आहे. हे आडनाव आड आलं नसतं तर किती बरं झालं असतं, अशा तळमळीत ती बोलते आहे. आणि पुढे त्याच नावापायी दोघंही जिवाला मुकतात. म्हणजे नाटकच तिच्या प्रश्नाला उत्तर देतं, की नावात बरंच काही आहे. ‘नावात काय आहे असं म्हणून खाली स्वतःचं नाव लिहिलं’ हा शेक्सपिअरवरचा विनोद त्यामुळे मला कधी पटला नाही. पात्राचं बोलणं लेखकाच्या गळ्यात बांधून त्यालाच हसायचं, हा कुठला न्याय?

मग या वाक्याला म्हणायचं काय? मराठीत उत्तम शब्द आहे, अवतरण. बाबांचं उद्धरणही चूक नाही. संस्कृतातून दोन्ही आले. हिंदीत उद्धरण रुळलं, मराठीत अवतरण. नागपूर १९५६ पर्यंत हिंदी-मराठी दोन्ही बोलणाऱ्या राज्याची राजधानी होतं, त्यामुळे आपल्या घरांत दोन्ही शब्द एकाच ताटात जेवतात. मला मात्र त्यांच्यातली उलटी चाल आवडते. अवतरण म्हणजे खाली उतरणं. अवतार हा शब्दही तिथलाच. उद्धरण म्हणजे वर काढणं. उद्धार त्याच घरातला. म्हणजे मराठी माणसाच्या वहीत दुसऱ्याचे शब्द वरून उतरतात आणि हिंदीवाला ते विहिरीतून वर ओढतो! उतारा हा अवतरणाचा चुलतभाऊ. सातबाराचा उतारा काढताना आपण काही मनाने बदलत नाही. शब्दांच्या उताऱ्यातही तेच अपेक्षित आहे.

दादाच्या ‘कोट’बद्दल तक्रार नाही, फक्त मराठीत आधीच एक कोट अंगात घालायचा आहे आणि एक किल्ल्याचा. शब्दांवरची कोटी वेगळीच. शिवाय नागपुरात मित्रांत कोणी असं वाक्य टाकलं की ‘डायलॉग नको मारू बे’ हेच ऐकू येतं, आणि ज्युलिएटच्या बाबतीत ते अगदी शब्दशः खरं आहे.

एक व्यवहाराची गोष्ट. दुहेरी अवतरणचिन्हं बोलणाऱ्याचे नेमके शब्द दाखवण्यासाठी असतात. ‘वंदावी’ लिहायचं असेल तर खुशाल लिहा, पण त्याला ती चिन्हं लावून खाली तुकोबांचं नाव घालू नका. ज्या ओळीचा धनी विसरला गेला आणि तरी ती सगळ्यांच्या तोंडी आहे, ती म्हण. धनी ठाऊक आहे आणि शब्दही त्याचेच आहेत, ते अवतरण. अनुवादातलं वाक्य असेल तर शब्द अनुवादकाचे असतात, हेही ध्यानात असू द्या.

मुलीला सांगा, पुढच्या पाळीला तेच वाक्य पुन्हा लिही. वर ‘आजचा सुविचार’ऐवजी ‘आजचं अवतरण’ लिही आणि खाली ‘ज्युलिएट, शेक्सपिअरच्या नाटकात’. बाईंनी पुन्हा पुसलं तर मला कळवा.