राउटरच्या यादीत 'आल्प्स अल्पाइन' दिसतंय, शेजारी आमचं वायफाय वापरतोय का?

शेजारी नव्हे, बहुतेक तुमच्या पोर्चमधली गाडीच वायफायवर आहे. आल्प्स अल्पाइन ही जपानी कंपनी गाड्यांच्या टचस्क्रीनमागे बसणारे वायफाय-ब्लूटूथचे मॉड्यूल बनवते. राउटर नाव काढतो ते मॅक अॅड्रेसच्या, म्हणजे यंत्राच्या वायफायच्या ओळख-क्रमांकाच्या, पहिल्या ६ अक्षरांवरून, आणि ती अक्षरं आयट्रिपलई ही संस्था कंपन्यांना नेमून देते. म्हणून यादीत सुटा भाग बनवणाऱ्याचं नाव येतं, बॉनेटवर बिल्ला कुणाचाही असो. सांगलीत घरोघरी राउटर बसवतो, तेव्हा अशी 'भुतं' नेहमी भेटतात. अपडेटसाठी पोरांनी कधीतरी गाडीत पासवर्ड टाकलेला असतो आणि घरात कुणाला आठवत नाही.

खात्रीसाठी गाडीच्या सेटिंगमध्ये वायफायखालचा मॅक अॅड्रेस राउटरमधल्याशी ताडून बघा. तिथे सापडला नाही, तर विश्रामबागहून मिरजेपर्यंत एक चक्कर मारा आणि घरच्यांना यादी बघायला सांगा. काही राउटर गेलेलं यंत्रही थोडा वेळ तसंच दाखवतात, तेव्हा लगेच निकाल लावू नका.

एक मात्र बघा: मॅकमधलं दुसरं अक्षर २, ६, ए किंवा ई असेल, तर तो पत्ता सहसा यंत्रानेच तयार केलेला असतो आणि त्यावरून कंपनी ठरत नाही. अशा वेळी, किंवा गाडी मिरजेत असतानाही ते यंत्र चालू दिसलं तर, सरळ पासवर्ड बदला.