योहान झोफनी जर्मन होता, मग त्याला ब्रिटिश चित्रकार का म्हणतात? आणि नटांची चित्रं काढून एवढं नाव कसं झालं?

जन्म फ्रँकफर्टजवळचा, १७३३चा, पण १७६०ला तो लंडनला आला आणि सगळं नावारूपाला आलं ते तिथेच. म्हणून ब्रिटिश.

सुरुवात मात्र हलाखीची. एका घड्याळजीकडे तबकड्या रंगवायच्या, मग बेंजामिन विल्सन नावाच्या चित्रकाराच्या हाताखाली त्याच्या चित्रातले कपडे भरायचे. नाव विल्सनचं, ब्रश याचा. डेव्हिड गॅरिक या त्या काळच्या सर्वांत गाजलेल्या नटाने हा हात ओळखला आणि झोफनीला थेट आपल्याकडे ओढलं. १७६२च्या प्रदर्शनात गॅरिकच्याच एका छोट्या नाटकातल्या प्रवेशाचं झोफनीने काढलेलं चित्र लागलं: शेतकरी लंडनहून परत येऊन घरच्यांना राज्याभिषेकाच्या आणि एका भुताच्या गप्पा सांगतोय.

मी हौशी नाटकांचं नेपथ्य करतो, त्यामुळे मला यातला धंदा लगेच कळला. प्रयोग संपला की नटाच्या हातात काही उरत नाही. झोफनीने तो क्षण धरून ठेवला, त्याच्या छापील प्रती घराघरांत गेल्या. नटाची जाहिरात झाली, चित्रकाराचंही दुकान चाललं. माझं आवडतं चित्र म्हणजे सर जॉन ब्रूट या नाटकातल्या पात्राच्या भूमिकेतला गॅरिक: दारू प्यायलेला, अंगावर बाईचा झगा आणि रात्रीच्या पहारेकऱ्यांशी हातघाईवर आलेला! बालगंधर्वांच्या लावण्याशी याचा काडीचा संबंध नाही, हा निव्वळ धुमाकूळ आहे.

पुढे तिसऱ्या जॉर्ज राजाची मर्जी बसली आणि १७६९ला राजानेच त्याला रॉयल अकॅडमीत, म्हणजे लंडनच्या कलावंतांच्या मानाच्या संस्थेत, घेतलं. अकॅडमीच्या सभासदांचं चित्र काढताना त्याने सगळ्यांना नग्न पुरुष मॉडेलभोवती बसवलं. दोन सभासद बायका होत्या, अँजेलिका काउफमान आणि मेरी मोझर. त्यांना त्या खोलीत बसवणं शिष्टसंमत नव्हतं, म्हणून बिचाऱ्या भिंतीवरच्या तसबिरी झाल्या.

मग गडी घसरला. राणी शार्लटने त्याला फ्लॉरेन्सला, उफिझी या कलासंग्रहालयातल्या त्रिबूना दालनाचं चित्र काढायला पाठवलं. त्याने तिथे काही वर्षं घालवली आणि चित्रातल्या त्या दालनात ओळखीपाळखीच्या इंग्रज प्रवाशांची गर्दीच करून टाकली. राणीला ते अजिबात रुचलं नाही. माझ्या मते ही रंगभूमीचीच सवय: मोकळी जागा दिसली की पात्रं उभी करायची.

दरबार आटला तेव्हा १७८३ला तो पैसा कमवायला हिंदुस्थानात आला. लखनौच्या नवाबासमोरच्या कोंबड्यांच्या झुंजीचं त्याचं चित्र प्रसिद्ध आहे. (पुण्याला तो आला नव्हता. नाना फडणवीसांचं चित्र काढणारा जेम्स वेल्स वेगळा, तो मुंबईला उतरला १७९१ला. झोफनी १७८९लाच परत गेला होता.)

कलकत्त्याच्या सेंट जॉन चर्चसाठी त्याने १७८७ला येशूचं शेवटचं भोजन रंगवलं. त्यातही गावातलेच लोक बसवले. दगाबाज यहूदाला तिथल्या एका लिलाववाल्याचा चेहरा दिला, म्हणतात. ते चित्र त्या चर्चमध्येच आहे, गेलात तर यहूदाकडे बघून या.