हुदिनी टाकीत मेला नाही

प्रश्न : बेड्या-पेट्यांतून सुटून दाखवणारा जादूगार हुदिनी पाण्याच्या टाकीत उलटा लटकलेला असताना गुदमरून गेला, असं एका जुन्या सिनेमात पाहिलं. खरंच तसं झालं होतं का? या प्रयोगांत धोका खरा असतो की नुसता देखावा? माझा बारा वर्षांचा मुलगा घरात हात बांधून घेऊन सुटायचा सराव करतो, म्हणून विचारते.

उत्तर : सिनेमावाल्यांनी तुम्हाला फसवलं. तो टाकीचा प्रयोग हुदिनी १९१२ पासून करत होता आणि दर वेळी जिवंत बाहेर येत होता. तो गेला ३१ ऑक्टोबर १९२६ रोजी, डेट्रॉइटच्या इस्पितळात, अपेंडिक्स फुटून. त्याआधी मॉन्ट्रियलमध्ये एका विद्यार्थ्यानं त्याच्या पोटात गुद्दे मारले होते. अपेंडिक्स त्यानंच फुटलं का, यावर अजून वाद आहे. पण अंगात सणसणून ताप असताना, डॉक्टरांनी बजावूनही तो रंगमंचावर उभा राहिला, हे मात्र नक्की. आम्हा जादूगारांचा हा हट्ट जुनाच!

आता धोक्याचं. मी बेड्यांचे प्रयोग करतो, म्हणून सांगतो : कुलपांना घाबरू नका, त्यांची तजवीज आधीच झालेली असते. जीव घेते ती माती. १९१५ मध्ये कॅलिफोर्नियात हुदिनीनं स्वतःला पुरून घेतलं आणि मरता मरता वाचला. १९९० मध्ये जो बरस हा जादूगार पारदर्शक शवपेटीत झोपला. वर माती आणि ओलं सिमेंट ओतलं, त्या वजनानं पेटी चेपली आणि तो गेला. वजनाचा हिशेब साधा असतो, पण तो प्रयोगाआधी कुणीतरी करायला हवा ना!

दुसरा घातकी प्रयोग बंदुकीची गोळी झेलण्याचा. चुंग लिंग सू हा जादूगार रंगमंचावर चिनी म्हणून वावरायचा आणि इंग्रजीत अवाक्षर काढायचा नाही. मूळचा तो अमेरिकन, विल्यम रॉबिन्सन. त्याच्या बंदुकीत खऱ्या नळीतली गोळी उडायचीच नाही, बार खालच्या चोरनळीत व्हायचा. मार्च १९१८ मध्ये लंडनच्या वुड ग्रीन एम्पायरमध्ये आतल्या झिजेमुळे ठिणगी खऱ्या नळीतल्या दारूपर्यंत पोचली. गोळी छातीत शिरल्यावर तो चक्क इंग्रजीत पडदा पाडायला सांगू लागला. दुसऱ्या दिवशी गेला.

मुलाला हात बांधून सराव जरूर करू द्या, मात्र शेजारी मोठं माणूस आणि हाताशी कात्री हवी. बोटं गार पडली किंवा मुंग्या आल्या, तर दोरी लगेच कापा. गळ्याभोवती दोरी, डोक्यावर पिशवी, पेटी किंवा पाणी यांतलं काहीही अजिबात नको, कितीही रडला तरी.