अर्लच्या मुलीला 'बंडखोर' म्हणायचं का?

प्रश्न असा आलाय: एक ताई १८१२ च्या लंडनमध्ये घडणाऱ्या ऐतिहासिक कादंबरीचा अनुवाद करतायत. नायिका अर्लची, म्हणजे इंग्लंडमधल्या एका वरच्या दर्जाच्या उमरावाची, मुलगी आहे, आणि मूळ लेखिका तिला दर दोन पानांनी 'रिबेलियस' म्हणते. ताईंनी सगळीकडे 'बंडखोर' घातलंय आणि आता सलग वाचताना ते खटकतंय. तर 'बंडखोर'चं स्त्रीलिंगी रूप काय करायचं, आणि दुसरा जवळचा शब्द आहे का?

पहिल्याचं उत्तर एका ओळीत होतं. रूप बदलू नका. भांडखोर बाई, भांडखोर माणूस, तसंच बंडखोर मुलगी, 'बंडखोरीण' वगैरे नको. पण खटकतंय ते रूपामुळे नाहीच, खटकतंय ते शब्दाच्या पोटात जे आहे त्यामुळे, आणि तुमच्या कानाने ते बरोबर टिपलंय.

हा 'खोर' फारसीतला, अर्थ खाणारा. लाचखोर म्हणजे अक्षरशः लाच खाणारा, पुढे 'त्याची खोड असलेला' असा अर्थ पसरला आणि चुगलखोर, नफेखोर, दंगेखोर, घुसखोर असं सगळं गोत जमलं. यात एकही चांगला माणूस नाही बघा! बंडखोरही मुळात याच पंगतीतला. मराठीत बंड होतं ते राज्याविरुद्ध, मालकाविरुद्ध, ते 'पुकारतात', त्याचं निशाण उभारतात आणि मग सरकार ते 'मोडून काढतं'. १८५७ ला आपल्याकडे कितीतरी वर्षं 'बंड'च म्हणत होते, गोडसे भटजींच्या 'माझा प्रवास'च्या मुखपृष्ठावरही बंडाची हकीकत असंच आहे. नंतर 'स्वातंत्र्यसमर' आलं, कारण बंड म्हटलं की बोलणारा सरकारच्या बाजूने उभा राहून बोलतोय असं वाटायचं. मग बंडखोर कवी, बंडखोर लेखिका असं कौतुकाने म्हणायला लागलो ते बरंच अलीकडे, आणि आता तर निवडणुकीत तिकीट नाकारलं की दुसऱ्या दिवशी पेपरात बंडखोरी असते, त्यामुळे वाचकाच्या डोळ्यासमोर आधी अपक्ष अर्ज भरणारा नगरसेवक येतो आणि मग तुमची बिचारी नायिका.

म्हणून माझी कसोटी साधी आहे: बंड कुणाविरुद्ध, आणि ते उघड आहे का? दोन्हीची उत्तरं मिळाली तर बंडखोर बिनधास्त लिहा.

त्याच काळातलं उदाहरण घ्या. वॉल्टर स्कॉटची 'वेव्हर्ली' १८१४ ची, कथा १७४५ च्या जॅकोबाइट उठावाची, म्हणजे गादी गेलेल्या स्टुअर्ट घराण्याच्या पाठीराख्यांच्या बंडाची. तिच्यातली फ्लोरा मॅकआयव्हर ही क्लॅनच्या, म्हणजे स्कॉटिश कुळाच्या, प्रमुखाची बहीण, फ्रान्समध्ये वाढलेली, शिकलेली, आणि स्टुअर्ट घराणं परत गादीवर यावं या एकाच ध्यासाने जगणारी, त्यापुढे तिला लग्नबिग्न काही दिसत नाही. शेवटी भावाला कार्लाइलला देहदंड होतो, ही त्याचं कफन शिवत बसलेली असते आणि मग फ्रान्समधल्या मठात निघून जाते. हिला बंडखोर म्हणा, शंभर टक्के बसतो. समोर लंडनचा राजा आहे, बंड उघड आहे आणि किंमत भावाच्या मानेने चुकवलीय.

आता खरीखुरी अर्लची मुलगी बघा, तुमच्या कादंबरीच्याच वर्षातली. लेडी कॅरोलाईन लॅम्ब, जन्म १७८५, बेसबरोच्या अर्लची मुलगी, विल्यम लॅम्बची बायको (हा पुढे मेलबर्न म्हणून पंतप्रधान झाला). १८१२ च्या मार्चमध्ये कवी बायरनचं 'चाइल्ड हॅरल्ड' हे काव्य आलं, तो एका रात्रीत लंडनचा लाडका झाला आणि हिचं त्याच्याशी प्रकरण सुरू झालं, ते काही महिन्यांत त्याने संपवलं. ही पोरसवदा नव्हती हे लक्षात घ्या, सव्वीस वर्षांची, एका मुलाची आई. म्हणून 'अल्लड' आणि 'अवखळ' हे दोन शब्द मी आधीच बाद करतो, मोठ्या बाईला लहान करून टाकतात ते.

त्याच वर्षीचा ख्रिसमस. ब्रॉकेट हॉल या सासरच्या इस्टेटीत तिने मोठी शेकोटी पेटवली, गावातल्या मुलींना पांढरे कपडे घालून भोवती नाचायला लावलं, बायरनचा पुतळा त्यात जाळला आणि त्याची पत्रंही टाकली. पण टाकल्या त्या नकला, मूळ पत्रं जपून ठेवली! ही गोष्ट मी पहिल्यांदा वाचली तेव्हा कितीतरी वेळ पुढचं पान उलटलं नाही. इथे बंडखोर लिहून बघा, वाक्य खोटं पडतं. बंड करणारा समोरच्याची पत्रं जपून ठेवत नाही. हे मन आहे, पेटलेलं आणि तरी न सुटलेलं.

याला मराठीत फार सुंदर शब्द आहे, मनस्वी. 'मनस्वी कार्यार्थी न गणयति दुःखं न च सुखम्' हे भर्तृहरीचं बऱ्याच जणांना शाळेतलं आठवत असेल, तिथे त्याचा अर्थ मोठ्या मनाचा, निश्चयी असा आहे. पण मराठीने त्याला स्वतःचं वळण दिलं, आपण 'मनस्वी राग आला' म्हणतो तेव्हा उत्कटपणा असतो, 'ती फार मनस्वी आहे' म्हणतो तेव्हा लोक काय म्हणतील ते न बघता मनाच्या ओढीने चालणारी, असा असतो. यात कौतुकही आहे आणि थोडी काळजीही आहे, आणि घराण्यातल्या मुलीबद्दल प्रेमाने बोलणाऱ्या निवेदकाला नेमकं तेच हवं असतं.

दुसरा शब्द बेबंद. बे म्हणजे विना, बंद म्हणजे बंधन. संस्कृतातला उच्छृंखल हेच चित्र काढतो, शृंखलेबाहेर गेलेला. फरक असा की बेबंद ऐकताना बेबंदशाही आठवते, म्हणजे त्यात नासाडीची छटा आहे, आणि उच्छृंखल हा दुसऱ्याने मारलेला ताशेरा आहे, स्वतःबद्दल कुणी म्हणत नाही. कॅरोलाईन पोऱ्याचा, म्हणजे पेजचा, वेष करून बायरनच्या घरी जायची, त्या प्रसंगाला बेबंद चालेल. पण 'स्वैर'पासून जरा सांभाळून राहा. पुरुषाला स्वैर म्हटलं तर फार तर मोकाट, बाईला स्वैरिणी म्हटलं की सरळ चारित्र्यावर घसरतं. मूळ लेखिकेने तसं म्हटलेलं नसताना आपण अनुवादात तो डाग लावायचा नाही.

आणि खोरच हवा असेल तर हेकेखोर विसरू नका. तो मला लेडी हेस्टर स्टॅनहोपसाठी अगदी मापाचा वाटतो. हीही अर्लचीच मुलगी, धाकट्या विल्यम पिटची भाची, मामा पंतप्रधान असताना त्याचं घर हिने सांभाळलं, तो १८०६ ला गेल्यावर हिला वर्षाला १२०० पौंडांचं पेन्शन मिळालं. १८१० ला इंग्लंड सोडलं ते परत न येण्यासाठी. ऱ्होड्सजवळ जहाज बुडालं, कपडे गेले, तेव्हा तुर्की पुरुषी वेष घातला आणि मग तोच ठेवला, १८१३ ला सीरियातलं पालमिरा गाठलं, शेवटी लेबनॉनमधल्या सैदाजवळच्या डोंगरात राहिली. १८३८ ला सावकारांचं देणं भागवायला ब्रिटिश सरकारने पेन्शन अडवलं तर हिने थेट राणी व्हिक्टोरियाला खरमरीत पत्र धाडलं आणि स्वतःच्या घराचं फाटक चिणून टाकलं, पुढच्या वर्षी तिथेच वारली. ती कुठलीच सत्ता उलथवायला निघाली नव्हती, फक्त कुणाचं ऐकणार नव्हती.

मग कॅरोलाईनला बंडखोर कधीच म्हणायचं नाही का? म्हणायचं, पण १८१६ मध्ये. त्या मे महिन्यात तिची 'ग्लेनार्व्हन' ही कादंबरी निनावी आली आणि तिच्यात बायरन, सासर, सगळं उच्चभ्रू वर्तुळ ओळखू येईल असं उतरवलेलं होतं. ऑल्मॅक्स या लंडनमधल्या उच्चभ्रू क्लबच्या नाचाची दारं तिला बंद झाली. त्या क्लबचा पास ज्या मोजक्या उमराव बायका ठरवायच्या त्यांच्यातलीच एक, लेडी जर्सी, कादंबरीत ओळखू येत होती आणि तिनेच पास रद्द केला. इथे समोरची सत्ता दिसते, घाव उघड आहे आणि शिक्षाही झाली. तुमच्या नायिकेच्या आयुष्यातही असा एखादा क्षण असेल तर 'बंडखोर' त्या पानासाठी राखून ठेवा, आधी वीस वेळा वापरून झिजवू नका.

बाकी ठिकाणी कोण बोलतंय ते बघा. आत्या किंवा सासू बोलत असेल तर तिच्या तोंडी 'मनस्वी' येणारच नाही, ती म्हणेल "पोरगी हाताबाहेर गेलीय" किंवा "घराण्याला बट्टा लावणार ही". धाकटी बहीण म्हणेल "ताई कुणाला जुमानत नाही". मला तर 'न जुमानणारी' हे बऱ्याच ठिकाणी एकट्या विशेषणापेक्षा जास्त जिवंत वाटतं, आणि इंग्रजीत विशेषण आहे म्हणून मराठीतही विशेषणच हवं असं काही नाही.

जाता जाता, तुम्ही पाठवलेल्या नमुन्याच्या पानात नायिकेला लग्नानंतर 'लेडी' आणि नवऱ्याचं आडनाव असं केलंय ते बदला. अर्लच्या मुलीचं 'लेडी' माहेरचं असतं आणि ते तिच्या स्वतःच्या नावाला लागतं, म्हणून लेडी कॅरोलाईन, लेडी हेस्टर. आडनावापुढे लावलं तर 'त्या लॉर्डची बायको' असा अर्थ होतो, जसं लेडी बायरन. कॅरोलाईन १८२८ च्या जानेवारीत वारली आणि नवऱ्याला सरदारकी मिळाली त्याच वर्षी जुलैत, सासरा गेल्यावर. म्हणजे जन्मभर ती वडिलांकडून आलेल्या 'लेडी'वरच राहिली. तुमच्या नायिकेचा नवराही बिनकिताबाचा असेल तर तिचं पहिलं नाव कुठेही गाळू नका.