मोबदला घ्यावा की अडून बसावं?

वडोदऱ्याच्या एका वाचकांचा प्रश्न आहे. महापालिकेच्या हद्दीत आलेल्या गावातली त्यांची वडिलोपार्जित 3,000 चौरस मीटर शेतजमीन 2013 च्या भूसंपादन कायद्याखाली गेली. ताबाही दिला. मोबदल्याचा निवाडा 54.32 लाखांचा झाला तेव्हा ते हजर होते, त्याला तीन आठवडे झाले. भाऊबंद म्हणतात, पैशाला हात लावला तर केस संपली. घरावर 14 लाखांचं कर्ज आहे आणि वकील वाढीव रकमेचे 15 टक्के मागतो आहे.

पैसे घ्या. फक्त हरकत न नोंदवता घेऊ नका, कारण कलम 77 प्रमाणे मग पुढे दाद मागता येत नाही. पावतीवर सहीच्या वर स्वतःच्या हाताने लिहा: ‘वांधा साथे, कलम 64 चा हक्क राखून रक्कम स्वीकारली.’ (‘वांधा साथे’ म्हणजे हरकत नोंदवून.) कचेरीत गुजराती चालते, म्हणून गुजरातीतच लिहा आणि आवकचा शिक्का मारलेली झेरॉक्स घेतल्याशिवाय उठू नका. रक्कम नाकारलीत तर कलेक्टर ती प्राधिकरणाकडे, म्हणजे मोबदल्याचे वाद ऐकणाऱ्या न्यायमंडळाकडे, जमा करतो. त्यानंतर तिच्यावर 9 टक्के व्याज तुम्हाला चढत नाही, कर्जाचं मात्र चढत राहतं.

तुमच्याकडे आता तीनच आठवडे आहेत. निवाड्याला हजर असणाऱ्याने कलम 64 चा, म्हणजे मोबदल्याचा वाद प्राधिकरणाकडे पाठवण्याचा, लेखी अर्ज सहा आठवड्यांत कलेक्टरकडे द्यायचा असतो. उशीर माफ होऊ शकतो, पण तो अधिकार कलेक्टरचा आहे, त्यावर विसंबू नका.

आता लढण्यासारखं काय आहे ते पाहू. निवाड्यात 800 रुपये मीटरने जमिनीचे 24 लाख, विहिरीचा 1 लाख, दोन्हींवर 100 टक्के सांत्वना रक्कम (जमीन सक्तीने घेतल्याबद्दलची जादा भरपाई) 25 लाख आणि जमिनीच्या किमतीवर 12 टक्क्यांनी दीड वर्षाचे 4.32 लाख धरले आहेत. बेरीज बरोबर आहे, वाद फक्त दराचा आहे. कायदा जंत्री (मुद्रांकासाठी सरकारने ठरवलेला जमिनीचा दर) आणि आसपासच्या खरेदीखतांची सरासरी यांतली जास्त रक्कम घ्यायला सांगतो. सरासरीसाठी मागच्या तीन वर्षांतली तशाच जमिनीची खतं घेतात आणि त्यांतली जास्त भावाची निम्मीच धरतात. सब-रजिस्ट्रारकडून इंडेक्स-2 च्या नकला काढल्यात आणि ही सरासरी 1,200 आली, तर जमिनीचे 12 लाख, सांत्वनेचे 12 लाख आणि 12 टक्क्यांचे 2.16 लाख, म्हणजे 26.16 लाख वाढतात. एवढ्यासाठी लढायलाच हवं.

जंत्रीची तारीखही तपासा. 2011 नंतरची मोठी वाढ 15 एप्रिल 2023 ला आली, तेव्हा दर दुप्पट झाले. बाजारभाव कलम 11 च्या (संपादनाच्या प्राथमिक) अधिसूचनेच्या दिवशीचा धरतात. तुमची अधिसूचना नंतरची असून जुना दर लावला असेल तर तो मुद्दा अर्जात सर्वांत वर घ्या.

बहुतेक दावे मोडतात ते दस्तांवर. आपल्याकडे खतात जंत्रीइतकीच रक्कम दाखवून उरलेली रोखीत देण्याची सवय आहे. दलाल 2,500 म्हणतो, दस्त 850 म्हणतो, आणि पुराव्यात दस्तच चालतो. एन.ए. (बिगरशेती) प्लॉटचं खत शेतजमिनीला जसंच्या तसं लावलं तर विकासखर्चापोटी मोठी कपात होते. अधिसूचनेनंतरची खतं तर आणूच नका.

वकिलाचे 15 टक्के मान्य करू नका. निकालावर किंवा मिळणाऱ्या रकमेच्या हिश्श्यावर फी ठरवायला बार कौन्सिलचे नियम मनाई करतात. ठरावीक फी, टप्प्याटप्प्याने आणि लेखी ठरवा.

आलेल्या 54.32 लाखांतून आधी कर्ज फेडा आणि 3 लाख खटल्यासाठी वेगळे ठेवा. उरलेले एकाच बँकेत नकोत, ठेवीला विम्याचं संरक्षण एका बँकेत 5 लाखांपर्यंतच आहे. वाढीव रक्कम हिशेबात धरून मुलीचं शिक्षण किंवा नवा फ्लॅट ठरवू नका, निकालाला वर्षं लागतात. या कायद्याच्या मोबदल्यावर आयकर नाही (कलम 96). वाढीव मोबदल्यावरचं व्याज मात्र मिळेल त्या वर्षी करपात्र धरा, त्यातली निम्मी रक्कम वजा होते.

सातबारावर बहिणीचं नाव आहे का हेही पाहा. वारसाईची नोंद राहिली असेल आणि तिने हरकत घेतली तर सगळी रक्कम प्राधिकरणात अडकेल. तिला आजच बरोबर घ्या आणि अर्जावर दोघांच्या सह्या करा. सगळी शेतजमीन गेली असेल तर खेडूत (गुजरातीत शेतकरी) असल्याचा दाखला लगेच मागा, गुजरातेत खेडूत नसलेल्याला शेतजमीन घेता येत नाही.