भोपळ्याचा वेल उपटायचा कशाला?

प्रश्न: ओकोट प'बिटेक या युगांडाच्या कवीचं 'साँग ऑफ लाविनो' हे दीर्घकाव्य वाचलं. लाविनो शिकलेल्या नवऱ्याच्या घड्याळाला नावं ठेवते, पुस्तकांनाही. कवी स्वतः ऑक्सफर्डला जाऊन आलेला, मग बाकीच्यांनी अडाणी राहावं असं त्याला म्हणायचंय का?

उत्तर: नाही हो. लाविनोचा राग नेमका कशावर आहे ते बघा. परक्यांचे रिवाज मला कळत नाहीत पण मी त्यांना तुच्छ लेखत नाही, मग तू आपल्याच रिवाजांची लाज का बाळगतोस, एवढंच ती नवऱ्याला, म्हणजे ओचोलला, विचारते. जुन्या घरच्या आवारातला भोपळ्याचा वेल उपटू नये ही अचोली लोकांची, म्हणजे लाविनोच्याच जमातीची, म्हण पुस्तकात पुन्हा पुन्हा येते, आणि ती उपटण्याबद्दल आहे, नवीन काही लावूच नका असं त्यात कुठेय? घड्याळाचंही तसंच, बाळ रडलं की त्याला पाजायचं, काटा कुठे आहे ते बघून नाही, यात अडाणीपणा काय ते मला तरी दिसत नाही. पुस्तकांनी पोरांचं पुरुषत्वच ठेचलं असंही ती म्हणते, तिथे मात्र ती मुद्दाम अति करते, आणि ते वाचताना हसू येतंच.

हाच कवी अभ्यासक म्हणून लिहितो तेव्हाही भांडण तेच. त्याने सांगितलेला एक किस्सा ऐका. 1911 साली इटालियन पाद्र्यांनी अचोली वडीलधाऱ्यांना विचारलं, तुम्हाला कोणी निर्माण केलं? त्या भाषेत 'निर्माण करणं' असा वेगळा शब्दच नव्हता, म्हणून प्रश्न झाला, तुम्हाला कोणी घडवलं? आम्ही आईच्या पोटातून आलो म्हणे, पण पाद्री काही ऐकेनात, शेवटी एकाला आठवलं की पाठीच्या कण्याचा क्षय झाला की रुबांगा नावाचं भूत माणसाला वाकवून 'घडवतं', आणि झालं, ख्रिस्ती देवाचं नाव रुबांगा पडलं!! शिकलेल्या माणसाने आधी समोरच्याची भाषा नीट ऐकावी, त्याचं म्हणणं हे, शिकू नये असं नाही.

1970 चं 'साँग ऑफ ओचोल' पण जोडीला वाचा, त्यात नवऱ्याचं उत्तर आहे. मला ते फिकं वाटलं, ओचोल नुसता चिडतो, आफ्रिकेवर आग पाखडतो, लाविनोच्या एकाही प्रश्नाला धड हात घालत नाही.