कोर्टाची ऑर्डर आहे, पैसे नाहीत

प्रश्न : नमस्कार सर, माझे मिस्टर जिल्हा परिषद शाळेत शिक्षक होते. ते गेल्यावर फॅमिली पेन्शनच्या फरकासाठी मी हायकोर्टात गेले, औरंगाबाद खंडपीठाने तीन महिन्यांत फरक द्या अशी ऑर्डर केली. ती मुदत संपूनही नऊ महिने झाले. ऑफिसात गेलं की कधी फाइल वर पाठवलीय, कधी साहेब नवीन आलेत, आता तर म्हणतात आम्ही अपील करणार आहोत. कंटेम्प्ट (कोर्टाच्या अवमानाची याचिका) टाकावी का? अधिकारी चिडून फाइलच दाबून ठेवतील अशी भीती वाटते. - एक वाचक, मराठवाडा

उत्तर : ताई, टाकाच, आणि उशीर करू नका. 1971 च्या न्यायालय अवमान कायद्याच्या कलम 20 प्रमाणे अवमान झाल्यापासून एक वर्षाच्या आत याचिका दाखल व्हावी लागते. तुमच्या केसमध्ये ते वर्ष तीन महिन्यांची मुदत संपली त्या दिवसापासून धरायचं, म्हणजे तुमच्याकडे जेमतेम तीन महिने उरलेत. मुदत ऑर्डरच्या तारखेपासून होती की प्रत मिळाल्यापासून, ते ऑर्डरच्या शेवटच्या पॅऱ्यात नीट वाचा. रोज पैसे देत नाहीत म्हणजे अवमान रोज चालूच आहे असाही युक्तिवाद करतात वकील लोक, पण त्याच्या भरवशावर बसू नका. हे "उद्या या, परवा या" ऐकण्यातच माणसांचं वर्ष निघून जातं आणि याचं मला फार वाईट वाटतं.

अपील करणार आहोत हे कारण चालत नाही. अपील दाखल झालं तरी स्टे मिळेपर्यंत ऑर्डर लागूच असते.

आता लगेच काय करायचं, तर ऑर्डरची सर्टिफाइड कॉपी पत्राला जोडून आवक-जावकला द्या आणि तुमच्या प्रतीवर तारखेसह शिक्का घ्या, तोंडी सांगून येऊ नका. कायद्यात "जाणूनबुजून" मोडलेली ऑर्डर हाच अवमान आहे, त्यामुळे नवीन साहेबांना ऑर्डर माहीत होती हे तुम्हाला त्या शिक्क्यावरूनच दाखवता येईल. याचिकेत नुसतं पदनाम नको, सध्या त्या खुर्चीवर असलेल्या माणसाचं नावही टाका, कारण शिक्षा झाली तर ती माणसाला होते.

शिक्षा म्हणजे सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा 2000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. प्रत्यक्षात बहुतेक वेळा नोटीस निघाली की फाइल हलायला लागते, साहेब माफी मागतात, कोर्ट आणखी थोडी मुदत देतं, आणि आपल्याला पैसेच हवे असतात. पण नेहमी माफीवर भागत नाही. 2006 मध्ये सुप्रीम कोर्टाने आपल्याच राज्याचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना आरागिरण्यांच्या परवानग्यांवरून एकेक महिना कैद सुनावली होती, त्यामुळे तुमच्या ऑफिसातल्या साहेबांना घाबरायचं काही कारण नाही.

एक गोष्ट मात्र लक्षात ठेवा, मूळ ऑर्डरमध्ये व्याज दिलेलं नसेल तर ते कंटेम्प्टमध्ये वाढवून मिळत नाही, तिथे फक्त आहे ती ऑर्डर पाळली का एवढंच बघतात.

वकिलाच्या फीची चिंता असेल तर खंडपीठातल्या विधी सेवा उपसमितीकडे अर्ज करा. महिलांना उत्पन्नाची अट नाही, वकील मोफत मिळतो. जाताना ऑर्डर, शिक्का मारलेली पत्रं आणि आधार कार्ड घेऊन जा.